गैराचे डोळे

परवा रात्री १९५४चा मूळ जपानी राक्षसपट ‘गॉडझिला’ पुन्हा पाहिला. या वेळी ठरवून फक्त त्या राक्षसाची चाल बघत बसलो. टोकियो जळतंय, माणसं पळताहेत आणि माझं लक्ष त्या पावलांवर.

ती पावलं पोशाखात शिरून गॉडझिला साकारणाऱ्या हारुओ नाकाजिमाची. १९२९ साली जपानमधल्या साकाता शहरात जन्मलेला, युद्धानंतर ‘गॉडझिला’ काढणाऱ्या तोहो स्टुडिओत पगारावर लागलेला नट. कामं कसली? गर्दीतली, मारामारीतली. १९५४मध्येच आलेल्या ‘सेव्हन समुराई’त तो दरोडेखोरांच्या टोळीत आहे. अभिनेता ताकाशी शिमुराही या दोन्ही चित्रपटांत आहे. शिमुराचं नाव आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांमध्ये आदराने घेतलं जातं. नाकाजिमाचं कुणी घेतलेलं मी तरी ऐकलं नाही.

गॉडझिलाचा पहिला पोशाख जवळजवळ शंभर किलोचा होता. त्यात धड चालताच येईना, म्हणून तो कापून पायांच्या वगैरे शॉट्सना वापरला आणि दुसरा, जरा हलका केला. त्यात स्पेशल इफेक्ट्सचे दिग्दर्शक एइजी त्सुबुराया कॅमेरा जास्त वेगाने फिरवायचे, म्हणजे पडद्यावर हालचाल संथ आणि अवजड दिसते. पण तसं चित्रण करायचं तर सेटवर प्रकाशही भरपूर लागतो. आत रबर, बाहेर दिव्यांची भट्टी. पोशाखातून घाम ओतून काढावा लागायचा.

हे ऐकून लोक ‘बाप रे, काय कष्ट!’ म्हणतात आणि तिथेच थांबतात. मला वाईट वाटतं ते याचंच. अहो, तो अभिनय करत होता! या कामासाठी तो टोकियोतल्या उएनोच्या प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती, अस्वलं बघत बसायचा. वजन कुठल्या पायावर जातं, मान कधी वळते, हे टिपायचा. चेहरा नाही, संवाद नाही, आणि आपली हालचाल पडद्यावर किती लांबणार याचा अंदाज मनात धरून प्रत्येक पाऊल टाकायचं. १९५४मध्ये त्याचा गॉडझिला अणुबॉम्बसारखा अंगावर येतो, १९६५मध्ये तोच जिंकल्यावर आनंदाने उड्या मारतो. दोन्ही खरे वाटतात. १९७२पर्यंत बारा चित्रपटांत त्याने ही भूमिका केली.

मग टीव्हीने थिएटरं ओस पाडली. १९७०मध्ये त्सुबुराया गेले, आणि त्याच सुमारास स्टुडिओने करारावरचे नट कमी केले. नाकाजिमाला काम मिळालं ते स्टुडिओच्याच आवारातल्या बोलिंग ॲलीत. जिथे गॉडझिला उभा केला, तिथेच ही नोकरी. हे वाचलं तेव्हा मी बराच वेळ काही बोलू शकलो नाही.

२०१७च्या ऑगस्टमध्ये, ८८व्या वर्षी तो गेला. त्याचं काम बघायचं असेल तर १९६६चा ‘वॉर ऑफ द गार्गान्चुआज’ मिळवून बघा. त्यातला हिरवा राक्षस गैरा म्हणजे नाकाजिमा. त्या मुखवट्यात डोळ्यांची जागा मोकळी ठेवली होती. तो माणसांकडे बघतो तेव्हा नीट पाहा. ते डोळे त्याचे स्वतःचे आहेत.