मुक्याची संमती कोणी द्यायची?

एकमेकांच्या आधाराने जगणाऱ्या जीवांच्या काल्पनिक संघावरचा लेख आवडला, पण त्या संघाच्या एका नियमाशी अडखळलो. बुद्धिमान जीव आणि त्याच्या अंगात राहणारा जोडीदार यांची ताटातूट दोघांच्या संमतीशिवाय नाही, हे ठीक. पण जोडीदाराला बोलताच येत नसेल तर? लेखक म्हणतात, संघाचा पंच ठरवेल. म्हणजे ज्याला तोंड आहे त्याच्याच जातीचा! आमच्या गोव्यातल्या कोमुनिदादीत, म्हणजे गावच्या सामाईक जमिनीच्या संस्थेत, बैठक गावकारांची (मूळ घराण्यांची), शेत कसणारं कूळ बाहेर, त्यातलाच प्रकार.

मी गोव्याच्या सत्तरी तालुक्यातला. आमच्याकडे वारुळाला सातेरी देवी म्हणून पूजतात. त्याच वारुळात वाळवी बुरशीची शेती करते. चावलेल्या लाकूड-पाचोळ्याचा मळा रचते, त्यावर बुरशी वाढते, आणि पचायला सोपं झालेलं ते अन्न वाळवी खाते. दोघांचंही एकमेकांवाचून चालत नाही. पावसात तीच बुरशी रोयणीची अळमी (वारुळावरची रानटी मशरूम) म्हणून वर येते नि आपण पानात बांधलेला वाटा महाग म्हणत म्हणत घेतो. (यंदा मीही घेतला, खोटं कशाला बोलू.) आता या करारात आपण कोण? तुमच्या संघाच्या घटनेत या तिसऱ्या खाणाऱ्यासाठी एकही कलम नाही.

आणखी एक. सहजीवन म्हणजे गोडीगुलाबी, असं लेखात गृहीत धरलंय. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ डी बारी यांनी १८७९ साली हा शब्द वापरला तेव्हा त्यात परजीवीही धरले होते. मसाल्यातलं दगडफूल म्हणजे बुरशी आणि शैवाल यांचा संसार. त्यात शैवाल भागीदार की वेठबिगार, यावरही वाद आहेच. पुढच्या भागात संघापुढे असा एखादा खटला आणा.