खाडा पडू नये म्हणून गोळी

आमच्या बीड जिल्ह्यात डॉक्टरची पारख सुईवर होते. नीट तपासून "दोन दिवस आराम करा, पाणी भरपूर प्या" म्हणणाऱ्याकडं लोक परत जात नाहीत. सुई टोचणाऱ्याच्या हाताला गुण.

अंग मोडून आलं की पहिली मागणी, "बाटली लावा, ताकद येईल." त्या बाटलीत काय असतं ते तिच्यावरच छापलेलं असतं. साध्या सलाईनच्या 500 मिलीत साडेचार ग्रॅम मीठ. ग्लुकोजची असेल तर 25 ग्रॅम साखर. बाकी पाणी. उलट्या थांबत नसतील, पेशंट शुद्धीवर नसेल तर हीच बाटली जीव वाचवते, त्यात वाद नाही. पण 1971 साली पश्चिम बंगालमधल्या बनगावच्या निर्वासित छावणीत सलाईन अपुरी पडली, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ-साखरेचं पाणी पाजून कॉलऱ्याचे रोगी वाचवले. कॉलऱ्याचे! आणि आपल्याकडं नुसत्या थकव्यावर मजुरीचे पैसे बाटलीत जातात.

लोक अडाणी आहेत म्हणून हे होतं, असं कुणी म्हटलं की मला राग येतो. ऊसतोडीचा हिशोब बघा. उचल म्हणजे आगाऊ मजुरी आधीच घेतलेली, नवरा-बायको मिळून एक कोयता. एक दिवस उसाच्या फडात गेलं नाही की खाडा, अन् खाड्याचे पैसे कापले जातात. मग ताप असो, कंबर असो, पाळी असो, गोळी खायची अन् मोळी उचलायची. डायक्लोफेनॅक ही दुखणं थांबवणारी गोळी डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकायची नाही असा नियम आहे, तरी ती सहज मिळते. फडात प्यायला पाणी पुरेसं नसतं, आणि अंगात पाणी कमी असताना ही गोळी रोज घेतली तर किडनीला धोका असतो, हे ऊस तोडणाऱ्या बाईला कुणी सांगत नाही.

हे गोळीवरही थांबत नाही. 2019 मध्ये याच प्रश्नाची चौकशी करायला सरकारनं नेमलेल्या नीलम गोऱ्हे यांच्या समितीसमोर आकडा आला: बीडच्या 82,309 ऊसतोड महिलांच्या पाहणीत 13,861 जणींचं गर्भाशय काढलेलं. पाळीच गेली की खाडा नाही, या हिशोबानं कितीतरी जणी ऑपरेशनला तयार झाल्या.

माझ्या मित्रयादीत कारखान्यांचे बरेच सभासद आहेत. पुढच्या सर्वसाधारण सभेत उसाच्या भावाबरोबर एवढंही विचारा: आपला ऊस तोडणारी बाई तापानं पडली तर तिच्या त्या दिवसाचे पैसे कोण देतं?