फाळक्यांचा वाटाणा आणि ‘रोज एक फ्रेम’चा हिशोब

दादासाहेब फाळक्यांच्या ‘अंकुराची वाढ’ (१९१२) या, वाटाणा उगवताना दाखवणाऱ्या लघुपटाबद्दल लिहिताना ‘रोज एक फ्रेम घेतली’ हे वाक्य हमखास येतं. ते आता थांबवायला हवं असं माझं स्पष्ट मत आहे, कारण हिशोबच बसत नाही.

३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम. मूकपटाचा वेग साधारण सेकंदाला १६ फ्रेम धरा; म्हणजे एका मिनिटाला ६० फूट, ९६० फ्रेम. कुंडीतल्या वाटाण्याचं चित्रण महिनाभराहून जास्त चाललं आणि फिल्म मिनिटभराची झाली, हेही तेच लेख सांगतात. रोज एकच फ्रेम घेतली असती तर महिन्याच्या कष्टाचे पडद्यावर जेमतेम दोन सेकंद झाले असते! मिनिटभरासाठी रोज तीसेक फ्रेम हव्यात. दिवसाउजेडीचे बारा तास धरले तर दर २२-२३ मिनिटांनी एक, तेही महिनाभर न चुकता.

आणि प्रत्येक फ्रेम जोखमीची. तेव्हाच्या कॅमेऱ्यात हँडलच्या एका फेऱ्याला साधारण ८ फ्रेम सरकत. एकच घ्यायची तर एका फेऱ्याला एक फ्रेम देणारी वेगळी सोय हवी, नाहीतर अंदाजाने अष्टमांश फेरा. हात जरा हळू फिरला की त्या फ्रेमला उजेड जास्त मिळणार. शटर अर्धवट उघडं राहिलं तर ती फ्रेम गेलीच. मधेच ढग आला तरी पडद्यावर लुकलुक दिसते. पाणी घालताना कुंडी बोटभर हलली तर रोप उडी मारतं. कोंब खिडकीकडे झुकतो, म्हणून कुंडी फिरवावीशी वाटते. फिरवली की सगळं वाया. वेल कुठवर चढेल याचा अंदाज घेऊन वरची जागा पहिल्याच दिवशी मोकळी सोडावी लागते.

लंडनमध्ये पर्सी स्मिथ या चित्रपटकाराने १९१०च्या ‘द बर्थ ऑफ अ फ्लॉवर’मध्ये फुलं उमलताना दाखवली. पुढे तो घरीच जोडलेल्या स्वयंचलित यंत्रांवर असं चित्रण करायचा. वाटाण्याच्या त्या मिनिटभराकडे बघून यशवंत नाडकर्णींनी ‘राजा हरिश्चंद्र’साठी पैसे द्यायची तयारी दाखवली. ‘रोज एक फ्रेम’ म्हटलं की ही मेहनत तिसाव्या हिश्शावर येते.

शाळेत मुलांना हे करून दाखवायचं असेल तर मटकी घ्या. फोन भिंतीला पक्का बांधा, एक्स्पोजर आणि फोकस लॉक करा, पडदा ओढून एकच दिवा सतत चालू ठेवा आणि दर दहा मिनिटांना एक फोटो. चार दिवसांत ५७६ फ्रेम होतात; १६च्या वेगाने ३६ सेकंद.