ब्रुनो क्रेमेर टीव्हीवर वाया गेला नाही

चांगला नट मालिकेत गेला की आपल्याकडे लगेच हळहळ सुरू होते. ‘काय नट होता, आता रोज संध्याकाळी तेच.’ फ्रान्सच्या ब्रुनो क्रेमेरबद्दल काही सिनेमाप्रेमी हाच सूर लावतात. मला तो अजिबात पटत नाही.

बऱ्याच जणांनी हे नाव ऐकलंही नसेल. जन्म १९२९चा. पॅरिसच्या नाट्यविद्यालयात बेलमोंदो, रोशफोर, मारिएल हे त्याचे सोबती. ते तारे झाले, हा रंगभूमीवर राहिला. १९५९ साली आनुईच्या ‘बेकेट’ नाटकात बेकेटची भूमिका पहिल्यांदा रंगवली ती क्रेमेरनं. सिनेमात मात्र खरी दखल घेतली गेली ती पस्तिशीत, १९६५च्या ‘३१७वी प्लॅटून’मुळे. इंडोचायनात माघार घेणारी फ्रेंच तुकडी, कोवळा लेफ्टनंट (जाक पेरँ) आणि त्याच्या हाताखालचा मुरलेला विल्सडॉर्फ, म्हणजे क्रेमेर. दिग्दर्शक शोंडोर्फर स्वतः व्हिएतनाममधल्या दिएन बिएन फूच्या लढाईत युद्धकैदी झालेला माणूस, त्यामुळे पडद्यावर भाषणबाजी नाही. क्रेमेर ज्या पद्धतीनं चालतो, चिखलात टेकतो, साहेबाकडे बघतो, त्यातच हा माणूस किती युद्धं बघून आलाय ते कळतं.

मग १९७७ला हॉलिवूड. फ्रीडकिनच्या ‘सॉर्सरर’मध्ये लिनो व्हेंचुरा यायचा होता, तो आला नाही आणि क्रेमेरला संधी मिळाली. घोटाळा करून पळालेला पॅरिसचा बँकर, दक्षिण अमेरिकेच्या जंगलात स्फोटकांचा ट्रक हाकतोय. बायकोनं दिलेल्या घड्याळाबद्दल बोलता बोलता ट्रकसकट उडतो. (रहस्य फोडलं म्हणून ओरडू नका, जवळपास पन्नास वर्षं झाली.) पण जेमतेम महिनाभर आधी ‘स्टार वॉर्स’ आला होता. पुढचं सांगायला नको. सिनेमा आपटला. आज त्याची पारायणं होतात, ती गोष्ट वेगळी.

आणि १९९१ला मेग्रे. कादंबरीकार सिमेनाँच्या या इन्स्पेक्टरला टीव्हीवर त्याआधी जाँ रिशारनं दोन दशकांहून जास्त काळ घरोघरी नेलं होतं. त्याच्यानंतर उभं राहणं सोपं नव्हतं. क्रेमेरनं २००५पर्यंत ५४ भाग केले, एकेक भाग दीड तासाचा. जाडजूड ओव्हरकोट, पाइप, आणि समोरच्याला बोलू देणं. संशयिताच्या स्वयंपाकघरात शिरतो, खुर्चीवर बसतो, आणि खोलीतली हवाच जड होते. पुरावे आपटत नाही, आवाज चढवत नाही. गुन्हेगाराची त्याला कीव येते, पण ती तो दाखवत बसत नाही. पुढे रोवान अ‍ॅटकिन्सननं, हो, आपला मिस्टर बीन, मेग्रे केला, देपार्दियूनंही केला. दोघंही वाईट नाहीत. पण मला मेग्रे म्हटलं की क्रेमेरचीच पाठ दिसते.

हे त्याला जमलं, कारण तीस वर्षं नाटक-सिनेमात तो हेच शिकत होता: कमी करायचं. टीव्हीनं त्याला फक्त वेळ दिला, जो सिनेमात दुय्यम भूमिकेतल्या नटाला मिळत नाही. आणि त्यानं कसब बोथट झालं म्हणता? मेग्रे चालू असतानाच, २०००मध्ये, ओझोंचा ‘अंडर द सँड’ आला. त्यात तो शार्लट रॅम्पलिंगचा नवरा. सुट्टीतल्या घराजवळ लाकडं गोळा करताना तो एक ओंडका उलटवतो, खालच्या मुंग्या बघतो. नंतर समुद्रावर पोहायला जातो, तो परत येत नाही. त्यापुढचा सगळा सिनेमा बाईचा आहे, पण तो जो थोडा वेळ पडद्यावर होता त्याच्या वजनावर आपण तिच्यासोबत त्याची वाट बघत राहतो. टीव्हीनं संपवलेल्या नटाला हे जमेल?

मेग्रेच्या शेवटच्या भागात आजारपणामुळे त्याचा आवाज दुसऱ्या नटानं डब केला. २०१०मध्ये कॅन्सरनं तो गेला.

कुणाला बघायचं असेल तर मेग्रेचा कुठलाही भाग लावा, क्रम पाळायची गरज नाही. ‘सॉर्सरर’ मात्र मोबाइलवर बघू नका, प्लीज.