‘मेडिया’ ट्रायरचीच

डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन ट्रायरच्या ‘मेडिया’बद्दल (डॅनिश टेलिव्हिजन, १९८८) तीच तीन वाक्यं सगळीकडे फिरतात: मुळात ही आधीच्या पिढीतला डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायर याची फिल्म, ट्रायरनं नुसती शूट केली, टीव्हीचं बजेट तुटपुंजं म्हणून चित्र धुरकट, आणि मुलांना पडद्यावर मारून त्यानं ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या मूळ नाटकाची वाट लावली. (गोष्ट अशी: नवरा जेसन दुसरं लग्न करतो, आणि मेडिया सूड म्हणून स्वतःच्याच मुलांना मारते.)

पटकथा ड्रायर आणि प्रेबेन थॉमसेन यांची, हे कबूल. ड्रायर १९६८ मध्ये गेला आणि ती पडून राहिली. पण सुरुवातीच्या पाटीवरच ट्रायर सांगतो की ही ड्रायरछाप फिल्म करायची खटपट नाही, हे माझं वाचन आहे. पाटी वाचायचा कंटाळा असेल तर शेवट बघा. ड्रायरच्या कागदावर मुलं विषानं मरतात, ट्रायर त्यांना फास लावतो. हे ‘नुसतं शूट’ कसं?

धुरकटपणा तर मुद्दाम कमावलेला. आधी व्हिडिओवर शूट केलं, ते फिल्मवर उतरवलं, मग परत व्हिडिओवर. पैसे नसलेला माणूस हा द्राविडी प्राणायाम कशाला करेल? (मोबाइलवर बघाल तर मात्र खरंच काही दिसणार नाही.)

तिसरा आक्षेप वजनदार आहे. इ.स.पू. ४३१ च्या नाटकात हत्या घराच्या आत होते, तलवारीनं. आपल्याला फक्त मुलांचं ओरडणं ऐकू येतं, आणि बाहेर कोरस (घटनांवर बोलणारा, गाणारा बायकांचा समूह) आत शिरावं का या विचारात अडकलेला. ट्रायरकडे ना कोरस, ना दार. एक वठलेलं झाड. धाकटा पळतो, थोरला त्याला धरून आणतो, आणि स्वतःची पाळी आल्यावर आईलाच म्हणतो, मदत कर. अंगावर येतं, पण आगाऊपणा नाही. नाटकातली मेडियाही मारण्याआधी मुलांचे हात हातात घेते, त्यांच्या मऊ कातडीचं, गोड श्वासाचं बोलते. तीच माया इथं दोरीपर्यंत पोचलीय.

फारकत शोधायचीच तर पुढे आहे. नाटकात ती सूर्याच्या रथातून मुलांची प्रेतं घेऊन जाते, जेसनला शिवूही देत नाही. इथं ती तिला आसरा देणाऱ्या अथेन्सच्या राजाच्या, ईजियसच्या जहाजावर केस मोकळे सोडते, आणि मुलं झाडालाच राहतात, जेसनला सापडायला.