देव होता म्हणून दगड राहिला

सप्टेंबर २०२५ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य वारसायादीत भारतातली सात नैसर्गिक ठिकाणं गेली. त्यात पाचगणी-महाबळेश्वरचा दख्खनचा बसाल्ट, म्हणजे लाव्हा थंड होऊन बनलेला काळा दगड आहे. बातमी दोन दिवस फिरली. आमच्या एका ग्रुपवर प्रतिक्रिया काय, तर "टेबललँडला वारसा? तिथे घोड्यांशिवाय आहे काय?" आणि खाली हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग. मलाही हसू आलं, पण प्रश्न अगदी मनापासूनचा आहे. वारसा म्हटलं की आपल्याला कोरलेलं, बांधलेलं काहीतरी लागतं. लेणं, किल्ला, देऊळ, गेला बाजार एखादा वीरगळ. नुसत्या डोंगराला किंमत नाही. महाराजांचा पाय लागला असेल तर तो गड, नाहीतर खडीचा साठा.

तर तिथे काय आहे, ते आधी सांगतो. साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी इथली जमीन लांबच लांब भेगांमधून फाटली आणि लाव्हा वाहू लागला. एकदाच नव्हे, पुन्हा पुन्हा, थरावर थर. आज शिल्लक आहे तो भागच सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरचा, आणि सह्याद्रीत या थरांची एकूण जाडी दोन किलोमीटरच्या वर जाते. डायनासोर संपले तो काळही हाच. त्यांना मेक्सिकोत आदळलेल्या अशनीने संपवलं की इथल्या ज्वालामुखीने, की दोघांनी मिळून, हा वाद अजून मिटलेला नाही. आणि त्यातला अर्धा पुरावा आपल्या घाटांच्या भिंतींमध्ये आहे. जगभरचे लोक तो बघायला येतात; आपण तिथे गाडी थांबवतो ती भजी खायला.

पुढच्या वेळी घाट चढताना एक गोष्ट बघा. काळ्या दगडाच्या दोन थरांमध्ये मध्येच एक विटकरी पट्टा दिसतो, कुठे वीतभर, कुठे पुरुषभर. हाताने खरवडला तर भुगा निघतो, बोटं लाल होतात. हा पट्टा म्हणजे लाव्हाने घेतलेली विश्रांती. एक थर थंड झाला, ऊनपाऊस खाऊन त्याच्या पाठीवर माती तयार झाली, आणि मग पुढचा लाव्हा येऊन त्या मातीला भाजून गेला. वीतभर मातीला किती काळ लागतो, हे शेतकऱ्याला सांगायची गरज नाही. रस्ता रुंद करताना असे पट्टे कधी उघडे पडतात, कधी दरड नको म्हणून जाळी लावून वर सिमेंट फवारलं जातं. दरड खरंच नको, मान्य. पण फवारण्याआधी कुणी एक फोटो काढून ठेवतं का, एवढंच विचारायचं आहे.

आता आपले लाडके किल्ले. कातळकडा उभा का राहिला? कारण तिथे लाव्हाचा घट्ट थर होता. मधेच माची का सापडली? कारण तिथला थर ठिसूळ होता, झिजून पायरी पडली. टाकं खोदणाऱ्याला पाणी कुठे झिरपतं ते दोन थरांच्या सांध्यावरून कळत होतं. अजिंठ्याच्या भिक्षूंनी वाघूर नदीने कापलेली घोड्याच्या नालासारखी दरी निवडली, ती नजरेला बरी दिसली एवढ्यासाठी नसणार. कोरता येईल असा कडा नदीने आधीच तासून ठेवला होता. म्हणजे ज्याला आपण इतिहास म्हणतो त्याचा पाया ही भूरूपं आहेत, आणि कायद्याने जपतो ते फक्त वरचं बांधकाम.

माझं म्हणणं असं की महाराष्ट्रात जी भूरूपं आजवर बरी राहिली, त्यातली बरीच कुठल्या खात्यामुळे राहिलेली नाहीत. तिथे देव होता म्हणून राहिली.

निघोज घ्या. कुकडीच्या पात्रातले रांजणखळगे. पुराच्या पाण्यात दगडगोटे भोवऱ्यात सापडतात, एकाच जागी गरागरा फिरतात आणि खालचा बसाल्ट घासत जातात. हजारो वर्षं हेच चाललं आणि अख्खं पात्र रांजण पुरून ठेवल्यासारखं झालं. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की काही खळग्यांच्या तळाशी ते गोटे अजून पडलेले दिसतात, कोरकाम करणारी हत्यारं जागेवरच टाकून कारागीर जेवायला गेल्यासारखे. आतली भिंत इतकी गुळगुळीत की हात फिरवावासा वाटतो. एका काठाला पारनेर तालुका, दुसऱ्या काठाला शिरूर, आणि कुंडावर मळगंगा. देवीचं कुंड असल्यामुळे तिथे सुरुंग लावायची कुणाची छाती झाली नाही. आणे घाटाजवळ गुळुंचवाडीला ओढ्याने बसाल्ट खालून पोखरून नैसर्गिक पूल तयार केलाय, तिथेही मळगंगाच. हा योगायोग नाही. जमिनीने काहीतरी नेहमीपेक्षा वेगळं केलं की आपल्या माणसांनी तिथे शेंदूर लावला. भूवैज्ञानिक जे नकाशावर खूण करून सांगतो ते यांनी शेंदराने सांगितलं.

लोणारची तर कथाच शास्त्राच्या अंगाने जाते. लवणासुर जमिनीखाली लपून बसला होता, विष्णूने वरचं झाकण उडवलं आणि त्याला मारलं. उरलं ते खारं पाण्याचं विवर. म्हणजे वरून काहीतरी आलं, जमीन उघडली, पाणी खारट झालं, ही तिन्ही निरीक्षणं कथेत आहेत. इंग्रज अधिकारी अलेक्झांडरने १८२३ मध्ये नोंद केली, त्यानंतर दीडशे वर्षं तज्ज्ञ मंडळी बहुतांशी ज्वालामुखीचाच हिशेब मांडत होती. आघाताच्या प्रचंड दाबाने बनणारी काच इथल्या दगडात सापडल्याचं १९७३ मध्ये प्रसिद्ध झालं, तेव्हा अशनीवर शिक्कामोर्तब झालं. (कथेला विज्ञान म्हणणाऱ्यांपैकी मी नाही, पण निरीक्षणाला दाद द्यायला काय हरकत आहे?) व्यास सुमारे १.८ किलोमीटर. बसाल्टमध्ये झालेली अशी विवरं पृथ्वीवर हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी, म्हणून चंद्र-मंगळाचा अभ्यास करणारेही इथले दगड तपासतात. वय मात्र अजून ठरलेलं नाही. एका पद्धतीने सुमारे ५२ हजार वर्षं, दुसरीने ५ लाख ७० हजार. दहापटीचा फरक! जे विवर आपण फोटो काढून 'झालं बघून' म्हणतो, त्याचा जन्मदाखलाच अजून पक्का नाही. २०२० मध्ये पाणी गुलाबी झालं तेव्हा सगळ्या देशाने बघितलं. ते खाऱ्या पाण्यातल्या सूक्ष्मजीवांमुळे झालं हे पुण्याच्या आघारकर संस्थेने तपासून सांगितलं, तोवर गर्दी पुढच्या व्हायरल गोष्टीकडे गेली होती.

पण देवाच्या भरवशावर किती दिवस? भक्तीची पद्धतच बदलली आहे. पूर्वी शेंदराचा दगड, फार तर चार खांबांचं छप्पर. आता जीर्णोद्धार म्हणजे टाइल्स, स्टीलचं रेलिंग, पेव्हर ब्लॉक, पार्किंग, आणि निधी खर्ची पडलाच पाहिजे म्हणून एक संरक्षक भिंत. ज्या कातळामुळे ती जागा पवित्र ठरली, त्याच कातळावर काँक्रीट ओततो आपण, आणि वर फलक लावतो 'सुशोभीकरण'. अंधेरीचा गिल्बर्ट हिल आठवा. ६१ मीटर उंचीचा, उभ्या खांबांचा बसाल्ट, माथ्यावर गावदेवी. चारी बाजूंनी दगड काढून काढून उरलेला सुळका. २००७ मध्ये पालिकेच्या वारसायादीत आला, पण तोवर इमारती त्याच्या गळ्यापर्यंत आल्या होत्या. तासन्‌तास ट्रॅफिकमध्ये बसून शेजारून जाणाऱ्या लाखो मुंबईकरांना तो माहीतच नाही.

आणि जिथे देव नाही तिथे? कोकणातला सडा बघा. जांभ्याचं उघडं पठार, वर्षातले आठ महिने तव्यासारखं तापलेलं, पावसाळ्यात इवल्या फुलांनी भरलेलं. सातबाऱ्यावर नोंद पोटखराब. म्हणजे सरकारच्या लेखी उपयोग शून्य. याच पोटखराब्यात रत्नागिरी-सिंधुदुर्गात कातळशिल्पं सापडली, हजाराच्या वर. कशेळीचा भलामोठा हत्ती, ज्याच्या पोटात आणखी कितीतरी प्राणी कोरलेत. बारसूचा माणूस, दोन्ही बाजूंना वाघ. देवाचे गोठण्याला तर शिल्पाजवळ होकायंत्र धरलं की सुई भरकटते. कोरणाऱ्याने नेमकी हीच जागा का निवडली असेल, यावर रात्रभर गप्पा होऊ शकतात. यातली आठ ठिकाणं आणि गोव्यातलं एक, अशी नऊ २०२२ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. पण शिल्पाभोवती चार दगड रचले की सडा वाचला असं नाही. शिल्प आणि सडा वेगळे काढता येत नाहीत. बाजूला चिरेखाण सुरू झाली, कलमांसाठी कातळ फोडला, की पावसाच्या पाण्याची वाटच बदलते. मग चौकट शाबूत आणि आतलं चित्र वाळूने भरलेलं.

कायद्याचं सांगायचं तर पुरातत्त्वाला कायदा आहे, वन्यजीवांना आहे, जैवविविधतेला आहे. नुसत्या दगडाला नाही. खाण मंत्रालयाने डिसेंबर २०२२ मध्ये भूवारसा स्थळांच्या विधेयकाचा मसुदा सूचनांसाठी ठेवला. तो मसुदाच राहिला आहे. त्यात बहुतेक अधिकार भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाकडे. ही १८५१ पासूनची नामांकित संस्था, तिच्या अभ्यासाबद्दल बोलायची माझी पात्रता नाही. पण ती खाण मंत्रालयाच्याच हाताखाली आहे. म्हणजे खणायचं कुठे हे शोधणारा आणि खणू नका म्हणणारा एकच. शिवाय मसुद्यात ग्रामसभा जवळपास नाहीच, आणि ते मला जास्त खटकतं. त्याच संस्थेने अनेक वर्षांपूर्वी राष्ट्रीय भूस्मारकं जाहीर केली, त्यात महाराष्ट्रातून एकटं लोणार. अख्खा दख्खन आपल्या उशाशी आणि यादीत एक नाव! युनेस्कोची जागतिक भूउद्यानं (जिओपार्क) दोनशेच्या वर गेली, चीनमध्ये चाळीसहून जास्त, भारतात एकही नाही.

यावर नेहमीचा सवाल येतो: मग खडी कुठून आणायची, घरं कशाची बांधायची? बरोबर आहे. मीही सिमेंटच्याच घरात राहतो. प्रत्येक टेकडीला कुंपण घाला असं कुणीच म्हणत नाहीये. तालुक्यातून दोन-तीन जागा, तज्ज्ञ आणि गाव दोघांनी बसून ठरवलेल्या, आणि गौण खनिजाचा परवाना देताना ती यादी टेबलावर असणं, एवढं झालं तरी पुष्कळ. बाकी हजारो डोंगर आहेत खणायला. 'जागा राखली की गावाचा विकास बुडतो' हेही ऐकून ऐकून कंटाळा आला. ऑस्ट्रेलियात उलुरूवर चढायला २०१९ मध्ये कायमची बंदी झाली, कारण तो खडक तिथल्या अनांगू लोकांसाठी पवित्र. त्यांचं म्हणणं ऐकलं गेलं, कारण १९८५ मध्ये जमीन त्यांच्या नावावर झाली होती. आणि त्याच देशात २०२० मध्ये जूकन घळीतले, ४६ हजार वर्षं माणसाचा वावर असलेले खडकनिवारे लोखंडाच्या खनिजासाठी सुरुंगाने उडवले गेले, तेही कायदेशीर परवानगीने. एकाच देशातली ही दोन उदाहरणं. मला यातून दिसतं ते एवढंच, की निर्णयाच्या वेळी तिथल्या माणसाला खुर्ची होती की नव्हती.

म्हणून भूगोलाच्या शिक्षकांना आणि ट्रेकिंगच्या ग्रुप चालवणाऱ्यांना माझी विनंती आहे. गडावर मुलांना नेता, तोफ दाखवता, दरवाजा दाखवता. पाच मिनिटं कड्याकडे तोंड करून उभे राहा आणि थर मोजायला लावा. लाल पट्टा दाखवा. आणि देवस्थानच्या विश्वस्तांशी बोलायचं असेल तर 'भूवारसा' हा शब्द पहिल्या बैठकीत काढूच नका. देवीचा कातळ झाकू नका, एवढंच सांगा. ते त्यांना तुमच्या-माझ्यापेक्षा लवकर पटतं.

तुमच्या भागात असं काही असेल, खांबांचा कडा, ओढ्यातले रांजण, दगडी कमान, सड्यावरची रेघ, तर कमेंटमध्ये गाव-तालुका आणि तिथल्या देवाचं नाव टाका. मी एकत्र करून ठेवतोय; जिल्ह्याजिल्ह्यातल्या भूगर्भशास्त्राच्या विभागांना पाठवणार आहे. फक्त गारगोट्या किंवा स्फटिक सापडणारी जागा असेल तर अचूक लोकेशन इथे टाकू नका, मेसेज करा. स्फटिक विकणारेही फेसबुक वाचतात.