होडीवरच्या नाचाचा खुलासा

शर्यतीच्या होडीच्या टोकावर काळा गॉगल लावून ऐटीत हात फिरवणारा मुलगा आठवतोय? ‘त्याने फुटबॉलपटूंची नक्कल केली’ असं सांगत तो व्हिडिओ फिरतोय. खरं तर उलटं आहे. शर्यत इंडोनेशियातल्या रिआऊ प्रांतातली, पाचू जालुर. अखंड खोडाच्या लांबलचक होडीत पन्नासेक वल्हेकरी, आणि टोकावर नाचणारं पोर ही तिथली जुनीच रीत. होडी पुढे असली की ते नाचतं! हातवारे ऐन वेळी सुचले, असं त्या अकरा वर्षांच्या मुलाने बीबीसीला सांगितलं. जुलै 2025 मध्ये नक्कल केली ती पॅरिसच्या पीएसजी क्लबच्या खेळाडूंनी. रिआऊच्या राज्यपालांनी तर त्याला पर्यटनदूतच केलं.